ऐन वेळी सुचलेलं

आमच्या आत्याची पक्की समजूत आहे, की टीव्हीवरचे विनोदी नट जे काही बोलतात ते त्यांना तिथल्या तिथं सुचतं. त्या नटांना बोलायला वाक्यं मी लिहून देतो, त्यावर आमचं घर चालतं आणि त्याच घरात बसून ती चहा पिते, हे सगळं तिला मान्य आहे. तरीही ती म्हणते, "अरे, तू लिहीत असशील रे, नाही कशाला म्हणू? पण ती गंमत त्यांची त्यांचीच असते ना?" म्हणजे विनोदी कार्यक्रमातून गंमत वजा केल्यावर जे उरतं, ते आत्याच्या हिशेबाने माझं. 'या, बसा' आणि 'काय घेणार?' एवढा मजकूर बहुधा माझ्या वाट्याला येत असावा.

पूर्वी मला याचा राग यायचा. आता वाटतं, आत्याइतकी शुद्ध दाद मला दुसऱ्या कुणी दिलेलीच नाही. विनोदी लेखकाचं निम्मं कसब लिहिण्यात असतं आणि उरलेलं निम्मं लिहिल्याच्या खुणा पुसण्यात. वाक्याला कागदाचा वास आला की हशा गेलाच. नट दारातून आत येतो, घुटमळतो, डोकं खाजवतो आणि आत्ताच काहीतरी सुचल्यासारखा बोलतो, तेव्हा लोक हसतात. ते घुटमळणं आणि खाजवणंसुद्धा कंसात लिहिलेलं होतं असं त्यांना कळलं, तर हसणाराच ओशाळेल. त्यामुळे या धंद्यात जितकं बरं काम करावं तितका माणूस दिसेनासा होतो, आणि दिसत नाही म्हणून तक्रार करायचीही सोय राहत नाही. मासिकात लेख वगैरे लिहून करता येते, एवढंच.

वसंत सबनीसांचंच घ्या. 'अशी ही बनवाबनवी' १९८८ साली आला. धनंजय मान्यांची चौकशी, ते सत्तर रुपये, ती लिंबू कलरची साडी हे सगळं महाराष्ट्रात शाळकरी पोरापासून बँकेच्या मॅनेजरपर्यंत सर्वांना पाठ आहे. टीव्हीवर सिनेमा लागला की लोक नटाच्या आधी वाक्य म्हणतात. टी-शर्टांवर ती वाक्यं आली, व्हॉट्सअ‍ॅपच्या स्टिकरांवर आली. यात काम कुणाचं, असं विचारा. अशोक सराफ, लक्ष्मीकांत, सचिन, सुप्रिया, अगदी सुधीर जोशींपर्यंत यादी घडाघडा येते. संवाद कुणाचे, असं विचारा. समोरचा माणूस पंख्याकडे बघायला लागतो. त्यातलं थोडंफार नटांनी सेटवर घातलेलंही असेल, नाही असं नाही. पण ज्यात घातलं ते मूळ भांडं सबनीसांचं होतं.

आणि सबनीसांना हा अनुभव नवा नव्हता. 'विच्छा माझी पुरी करा' हे त्यांचंच लोकनाट्य, १९६५ सालचं. दादा कोंडके ते रंगवायचे आणि त्या दिवशीच्या पेपरात जे आलं असेल त्यावर रात्री टोला हाणायचे. आजच्या प्रयोगातला टोला उद्याच्या प्रयोगात असेलच असं नाही. लिहिलेलं कुठं संपतं आणि दादांचं कुठं सुरू होतं, ती शिवण प्रेक्षकाला कधी सापडली नाही. तमाशाच्या वगाची रीतच ती. गोष्टीचा सांगाडा ठरलेला, बाकीचं सोंगाड्यानं अंगच्या हुशारीवर भरायचं. तेव्हा आत्याला मी अडाणी म्हणणार नाही. तिच्या समजुतीमागे काहीशे वर्षांची परंपरा उभी आहे. माझ्यामागे एक प्रिंटर आहे, तोही बंद.

शरद जोशींची गोष्ट याहून वाईट. १९८४ साली दूरदर्शनवर 'ये जो है जिंदगी' सुरू झालं. सतीश शहा दर भागात नवं सोंग घेऊन यायचे आणि लोक दर शुक्रवारी त्यासाठी कामं आटपून बसायचे. दर आठवड्याला एक नवा माणूस जन्माला घालायचा, अर्ध्या तासाच्या आत त्याला हसं होऊन निघून जायला लावायचं आणि पुढच्या आठवड्यासाठी पुन्हा कोऱ्या कागदापुढे बसायचं, हे काम हिंदीतले मोठे व्यंगकार शरद जोशी करत होते. आता आमच्या महाराष्ट्रात शरद जोशी म्हटलं की लोकांना कांद्याचे भाव आणि शेतकरी संघटना आठवते. पडद्यामागे राहणं समजू शकतो, पण आपल्याच नावामागेही राहावं लागावं म्हणजे कमाल झाली.

मराठी टीव्हीवर लेखकाचं नाव घराघरांत पोचल्याचं एक ठळक उदाहरण मला आठवतं. 'चला हवा येऊ द्या' २०१४ मध्ये सुरू झालं, त्यात सागर कारंडे पोस्टमन होऊन पत्र वाचायचे. ती पत्रं अरविंद जगताप लिहीत. लोकांनी लेखकाची चौकशी केली, नाव लक्षात ठेवलं, पुढे पत्रांचं पुस्तकही झालं. मला याचा मनापासून आनंद आहे. फक्त एक बारीकशी गोष्ट: ती पत्रं डोळ्यांत पाणी आणणारी होती. सगळ्या महाराष्ट्राला हसवणाऱ्या कार्यक्रमात लेखकाची आठवण झाली ती रडू आल्यावर. रडू आलं की माणूस विचारतो, कुणी लिहिलंय हो हे? हसू आलं की विचारतो, पुढचा भाग कधी?

तर तिथल्या तिथं सुचलेलं हे वाक्य प्रत्यक्षात कसं सुचतं, ते थोडं सांगतो.

आठवड्याची सुरुवात सोमवारी होते अशी इतर खात्यांतल्या लोकांची कल्पना असते. आमचा आठवडा गुरुवारी सुरू होतो, कारण गुरुवारी टीआरपी येतो. आकडा वर असला तर चॅनलमध्ये केक कापतात. खाली असला तर लेखकाला फोन करतात. फोनवर क्रिएटिव्ह विभागातली एक अत्यंत गोड मुलगी असते. ती म्हणते, "सर, स्किट मस्तच आहे. फक्त थोडं अजून फनी करूया." मी विचारतो, "कुठे?" ती म्हणते, "ओव्हरऑल." या ओव्हरऑलवर माझे केस गेले.

मागे मी एका कंजूष घरमालकावर स्किट लिहिलं होतं. जिन्यातला दिवा भाडेकरू किती वेळ वापरतो याचं मीटर बसवणारा घरमालक. विषय पास झाला. मग प्रश्न आला आडनावाचा. चॅनलमध्ये मजकूर तपासणारा एक स्वतंत्र विभाग असतो, कुणाच्या भावना दुखावतील का हे तो आधी दुखवून घेऊन बघतो. मी लिहिलं होतं गोखले. ते म्हणाले, कंजूषपणा आणि गोखले, नको, पत्रं येतील. म्हटलं, पाटील करा. तिकडे बराच वेळ कुणी बोललंच नाही. मग आवाज आला, "सर, पाटील आणि कंजूष? त्यापेक्षा कार्यक्रमच बंद करू." शहा, मेहता आपोआप बाद. डिसोझा सुचवलं तर म्हणाले, अल्पसंख्याक आहेत. म्हटलं, गावावरून करू, सातारकर. तर साताऱ्यात आपला टीआरपी चांगला आहे. शेवटी मी भूतलावर नसलेलं एक आडनाव तयार केलं, डोंगरखिंडे. दोन दिवस शांतता होती. मग कळलं, त्या आडनावाचे एक गृहस्थ चॅनलच्याच अकाउंट्स विभागात आहेत आणि लेखकांची बिलं तेच पास करतात. मी स्वतःहून माघार घेतली.

घरमालकाचं नाव 'काका' ठेवायचं ठरलं. आता काका करतात काय? मी लिहिलं होतं, बँकेतून निवृत्त. कार्यक्रमाला बँकेची जाहिरात होती. एसटीतून नको, शाळेतून नको, पोलिसातून तर नकोच नको. "मग कशातून निवृत्त?" मी विचारलं. "नुसते निवृत्त," उत्तर आलं. अशा रीतीने जात नसलेला, गाव नसलेला, आयुष्यात कधी काही न केलेला पण त्यातून निवृत्त झालेला एक इसम जिन्यात मीटर बसवत उभा राहिला. त्या रात्री उशिरा पुन्हा फोन: "सर, कंजूष दाखवलाय तो ज्येष्ठ नागरिक आहे. जरा तरुण करता येईल का?"

असं स्किट पडद्यावर चाललं, तर नटाचं टायमिंग चांगलं होतं असं म्हणतात. होतंच. त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही.

टायमिंगवरून आठवलं. मराठीत लिहिणाऱ्याला एक घरचा भेदी सांभाळावा लागतो, तो म्हणजे क्रियापद. समजा, वाक्य आहे: 'लग्नात सासऱ्यांनी मला म्हैस दिली.' हशाची जागा 'म्हैस'वर आहे. पण म्हैस आली तरी वाक्य संपत नाही, मागून 'दिली' येतेच. लोक म्हशीला हसले तर 'दिली' हशात बुडते, आणि 'दिली'ची वाट बघत थांबले तर हसू थंड होतं. म्हणून मग वाक्य फोडायचं. 'लग्नात सासऱ्यांनी काय दिलं? म्हैस!' किंवा 'दिली ना सासऱ्यांनी. म्हैस.' दुसरं बरं, कारण 'दिली ना' म्हटल्यावर ऐकणारा अंगठी, चेन, मोटारसायकल असल्या गोष्टी मनात मांडून बसतो. म्हैसच का, यावरही एक दुपार जाते. गाय चालत नाही, का ते सांगायला नको. शेळी फार लहान, हत्ती म्हणजे लेखक दिसायला लागला. शिवाय मराठी विनोदात म्हशीची कायमची सोय पु. लं.नी करून ठेवली आहे, तिला आत यायला ओळख लागत नाही. एवढं सगळं करून ते अडीच शब्द मी नटाच्या हाती देतो. नट रेकॉर्डिंगला उभा राहतो आणि मोकळ्या मनाने म्हणतो, "म्हैस दिली हो मला सासऱ्यांनी लग्नात आमच्या!"

रेकॉर्डिंग मीरा रोडच्या किंवा गोरेगावच्या स्टुडिओत असतं. नट प्रकाशात असतात आणि लेखक मॉनिटरच्या मागे अंधारात, वायरींमध्ये पाय सांभाळत. नट बोलतो तेव्हा लेखकाचे ओठ आपोआप हलतात. सेटवर नवीन आलेल्या माणसाला वाटतं, हे गृहस्थ जप करताहेत. हा माणूस हसत मात्र कधी नाही. तो बाकीच्यांकडे बघत असतो. प्रेक्षकांकडे बघण्यात अर्थ नसतो, ते सकाळपासून बसलेले असतात आणि पुढच्या रांगेतला एक जण खूण करेल तेव्हा टाळ्या वाजवतात. परीक्षक म्हणून किंवा पाहुणे म्हणून खुर्चीत बसलेल्यांना कॅमेरा लागलेला असतो, त्यांना हसण्याचेही पैसे मिळतात. मी बघतो ते वर मचाणावर बसलेल्या लाइटवाल्याकडे आणि चहाचा ट्रे घेऊन फिरणाऱ्या स्पॉटदादाकडे. दिवसाला पाच-सहा स्किटं, अशी वर्षानुवर्षं कानावरून गेलेली ही माणसं. त्यांना हसवायचं म्हणजे दगडाला पान्हा. स्पॉटदादा ट्रे घेऊन चालता चालता थबकला आणि पंच पडेपर्यंत उभा राहिला, की मला कळतं, आज जमलं. एकदा त्याच्या हातून कप पडला होता. तो माझा आजवरचा सर्वांत मोठा पुरस्कार आहे, आणि त्या कपाचे पैसे मी दिले.

सेटवर 'अ‍ॅडिशन' नावाचा एक प्रकार असतो. नाटकवाल्यांना तो चांगला माहीत आहे. लिहिलेल्या वाक्याला नट स्वतःचं शेपूट जोडतो, ती अ‍ॅडिशन. काही अ‍ॅडिशन्स इतक्या सुंदर असतात की लेखकाला घरी जाऊन झोप लागत नाही. काहींमुळे वेगळ्या कारणाने लागत नाही. हिशेबाची पद्धत मात्र एकच. हशा आला की ती अ‍ॅडिशन होती, हशा नाही आला की ते लिहिलेलं होतं. मी एकदा धीर करून एका नटाला म्हटलं, "अहो, ते वाक्य कागदावर आहे." तो कागद बघून म्हणाला, "अरे वा! मला जे सुचलं ते तुम्हालाही सुचलं होतं?"

हे सगळं आपल्याकडेच आहे असं समजून मी बरीच वर्षं दुःखी होतो. मग अमेरिकेतल्या लोकांचं वाचलं आणि दुःखाला जरा सोबत मिळाली. न्यूयॉर्कमध्ये १९५० साली 'युवर शो ऑफ शोज' सुरू झाला. दर शनिवारी रात्री दीड तास, सगळं थेट, रीटेक नाही. नायक सिड सीझर. मागच्या खोलीत मेल टोल्किन, मेल ब्रूक्स, नील सायमन अशी पुढे जगप्रसिद्ध झालेली मंडळी एकमेकांवर ओरडत बसलेली. त्यांच्यात बाई एकच, ल्युसिल कॅलन. त्या गलक्यात आपला विनोद कुणी ऐकावा म्हणून त्यांना उंचावर उभं राहून लाल स्वेटर हलवावा लागे, असं सांगतात. ब्रूक्स एकदा फारच भुणभुण करायला लागला तेव्हा आडदांड सीझरने त्याला उचलून हॉटेलच्या खिडकीबाहेर लटकवलं, हा किस्साही तिकडे प्रसिद्ध आहे. आमच्याकडे लेखकाला कुणी हात लावत नाही. त्याचा चेक लटकवतात.

पण त्याच खोलीतून एका माणसाने जो सूड उगवला, त्याला तोड नाही. कार्ल रायनर हा सीझरचा सहनट, पण बसायचा लेखकांत. १९६१ मध्ये त्याने 'द डिक व्हॅन डाइक शो' काढला. मालिकेचा नायक कोण, तर टीव्हीवरच्या एका विनोदी कार्यक्रमाचा लेखक. त्याचं घर, त्याची बायको, त्याचं ऑफिस, दोन सहकारी. आणि ज्याच्यासाठी ते तिघे लिहितात तो मोठा स्टार अ‍ॅलन ब्रेडी? त्याचा चेहराच सुरुवातीची काही वर्षं दाखवला नाही. त्याची पाठ दिसायची, खुर्ची दिसायची, आवाज यायचा. ते काम स्वतः रायनरच करायचा. लेखक प्रकाशात आणि स्टार पाठमोरा! हे वाचलं त्या रात्री मी मॉनिटरच्या मागे उभा राहून फार वेळ आमच्या मुख्य नटाच्या पाठीकडे बघत होतो. पाठही बरी आहे त्याची, दुर्दैवाने.

तिकडच्या आत्यांचे डोळे उघडण्याचा प्रसंग आला तो संपामुळे. २००७ च्या नोव्हेंबरात अमेरिकेतले पटकथालेखक संपावर गेले. रात्री उशिराचे जे गप्पांचे कार्यक्रम असतात, ज्यांचे सूत्रधार जन्मजात हजरजबाबी म्हणून ओळखले जातात, ते पटापट बंद पडले. जानेवारीत कॉनन ओब्रायन लेखकांशिवाय परतला. हा स्वतः मूळचा लेखक, 'द सिम्पसन्स'साठी लिहिलेला, चांगलाच तयारीचा गडी. तर हा माणूस वेळ काढण्यासाठी टेबलावर आपली लग्नातली अंगठी भोवऱ्यासारखी फिरवून, ती किती वेळ फिरते हे मोजत बसला. देशभर प्रक्षेपण चालू आणि हा अंगठी फिरवतोय. जगातल्या कुठल्याही लेखक संघटनेला याहून चांगलं पोस्टर मिळणार नाही. २०२३ मध्ये पुन्हा संप झाला, १४८ दिवस चालला, आणि त्यातही पहिल्याच दिवसापासून बंद पडले ते हेच कार्यक्रम. त्या खेपेला लेखकांच्या मागण्यांमध्ये एक मागणी यंत्राकडून लिहून घेण्याला लगाम घालण्याची होती. यंत्राची मला तितकी भीती वाटत नाही. त्या गोड मुलीने त्याला 'ओव्हरऑल' म्हटलं, की तेही जाईल संपावर.

यंत्राने विनोदात शिरकाव तसाही फार पूर्वी केलेला आहे. १९५० च्या दशकात चार्ली डग्लस नावाच्या अमेरिकन ध्वनितंत्रज्ञाने हशाची पेटी बनवली. कळ दाबली की खुदखुद, दुसरी दाबली की खो-खो. ती पेटी तो कुलपात ठेवायचा आणि वाजवताना कुणाला बघू द्यायचा नाही. त्यात भरलेला बराचसा हशा रेड स्केल्टनच्या मूकाभिनयाच्या प्रसंगांतून घेतलेला होता असं म्हणतात, कारण तिथे मध्येच संवाद घुसत नव्हते, हसणं स्वच्छ मिळायचं. म्हणजे बघा, जिथे लेखकाचा एक शब्दही नव्हता तिथलं हसू काढून ते पुढे वर्षानुवर्षं लेखकांच्या शब्दांखाली वाजवलं गेलं. 'मॅश' या युद्धभूमीवरच्या इस्पितळाच्या मालिकेत लॅरी गेलबार्टला हा हशा मुळीच नको होता. नेटवर्कला हवा होता. तडजोड अशी झाली, की शस्त्रक्रियेच्या खोलीत हशा वाजणार नाही, बाकी इस्पितळात वाजेल. आमच्या संपादनाच्या खोलीत अशी कुठलीही पथ्यं नाहीत. तिथे मी स्वतः डोळ्यांनी 'नमस्कार'वर हशा टाकलेला पाहिला आहे. टाकणाऱ्या मुलाला विचारलं तर म्हणाला, "सर, तिथे जरा रिकामं वाटत होतं."

पैशांबद्दल फार लिहीत नाही, लेख विनोदी आहे. दर भागामागे मानधन ठरलेलं असतं आणि ते भाग दाखवल्यानंतर तीन महिन्यांनी मिळतं असं करारात लिहिलेलं असतं. मिळतं त्यानंतर. कर मात्र बिल खात्यात नोंदलं की लगेच कापून भरला जातो, त्यामुळे माझ्या कमाईची बातमी प्राप्तिकर खात्याला माझ्याआधी लागते. मी त्यांच्या संकेतस्थळावर जाऊन सव्वीस-एएस नावाचा तक्ता उघडतो आणि मला किती पैसे मिळाले असते ते बघून येतो.

नाव मिळतं, ते नाकारून चालणार नाही. कॉपीराइट कायद्याचं ५७ वं कलम म्हणतं, की सगळे हक्क विकून टाकले तरी हे लेखन माझं आहे असं सांगण्याचा अधिकार लेखकाकडेच राहतो. नाव किती सेकंद दिसावं याबद्दल कलम गप्प आहे. श्रेयनामावली पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात, पोस्टाच्या तिकिटाएवढ्या जागेत, खालून वर पळते. त्याच वेळी उरलेल्या पडद्यावर पुढच्या मालिकेतली सासू कुणाच्या तरी कानाखाली काढत असते. आईने बऱ्याचदा चष्मा लावून, टीव्हीच्या अगदी जवळ उभं राहून माझं नाव पकडायचा प्रयत्न केला. एकदा पकडलंही. "कोल्हापुरी चपलांसाठी आभार, त्याच्या वर होतं बघ," असं तिने सगळ्या चाळीत सांगितलं.

आता पुरस्कारांचं. दर वर्षी हा हंगाम येतो. आमचा एक नट, नाव नको, माणूस चांगला आहे, उसने घेतलेले पैसे परत करतो. त्याला विनोदी भूमिकेचा पुरस्कार मिळणार हे आयोजकांनी आधीच कळवलं होतं. गुप्तता पाळायची म्हणून फक्त पस्तीस-चाळीस लोकांना माहीत होतं. त्याचा मला फोन आला. "लेखक, स्टेजवर गेल्यावर ऐन वेळी काहीतरी सुचायला पाहिजे रे. दोन-तीन गोष्टी सुचवून ठेव ना."

"कधी सुचायला पाहिजे?"

"शुक्रवारपर्यंत. पाठांतराला एक रात्र लागेल."

मी लिहायला बसलो. पायरीवर किंचित अडखळायचं. निवेदकाकडे बघून, 'यांनी मागच्या वर्षी पण मला असंच पाडलं होतं.' मग खिशात भाषणाचा कागद शोधायचा, डावा खिसा, उजवा खिसा, आतला खिसा. कागद नाही. बायकोकडे बघायचं. 'ही म्हणालीच होती, तुझ्याकडे बोलण्यासारखं काही नाही.' मग ट्रॉफी हातात तोलून वजनावर एक पंच. मग कंसात: गळा दाटतो. मग आई. सगळं मिळून चाळीस सेकंद, कारण पंचेचाळीसाव्या सेकंदाला संगीत सुरू होतं.

तो म्हणाला, "आणि ऐक, यात तुझं नाव घेणार मी. आतून वाटतंय मला. लिही तसं."

आतून वाटत होतं ते मी लिहिलं. मग ते कुठे बसवायचं हा प्रश्न आला. ट्रॉफीच्या पंचाआधी नाव घेतलं तर लोक हा कोण म्हणून विचारात पडणार आणि पंचाची तयारी वाया जाणार. पंचानंतर घेतलं तर ते हशात जाणार. दाटलेल्या गळ्याच्या जागी घेतलं तर उगाच गैरसमज. आईच्या आधी घेतलं तर बरं दिसत नाही, आईच्या नंतर घेतलं तर उतार लागतो. आईवरच संपायला हवं. शेवटी कागद शोधण्याच्या प्रसंगात घालून बघितलं, 'कागद हरवला, तो ज्याने लिहून दिला तो माणूस म्हणजे...' पण मग कागद होता हे उघड होत होतं, आणि सगळी मजाच कागद नसण्यात होती. नाव आणि आडनाव मिळून दोन सेकंदही जास्त जात होते. रात्री दोनच्या सुमाराला मी ते वाक्य काढून टाकलं. भाषण एकदम सुटसुटीत झालं, अडतीस सेकंदांत बसलं.

सकाळी त्याचा फोन आला. "एक नंबर झालंय! फक्त शेवट जरा अजून उत्स्फूर्त करता येईल?"

दुपारपर्यंत करून पाठवला.